ठेवायचं की पुसायचं?

"अहो, हलू नका! जेवढे हलाल तेवढे आत जाल!"

जासिराने ओरडून सांगितलं खरं, पण हसू काही तिला आवरेना. समोर ओहोटीच्या चिखलात एक उंच, काळाभोर तरुण गुडघ्यापर्यंत रुतून उभा होता. दोन्ही हात आभाळाकडे. एका हातात काळी पेटी, दुसऱ्या हातात लांब काठी, आणि काठीच्या टोकाला काहीतरी राखाडी, केसाळ...

"आणि ते मांजर कशाला आणलंय बरोबर?"

"मांजर नाही हो, माइक आहे! केस वाऱ्यासाठी लावलेत."

"वाऱ्याला केस हवेत?"

"नकोत, म्हणून तर..." तो मध्येच थांबला आणि स्वतःच हसला. "आधी मला बाहेर काढा. मग सगळं समजावतो."

ओहोटीला होडी गामेलेइराच्या धक्क्याला लागत नाही, ती दूर खोल पाण्यात थांबते. तिथून गावात यायचं ते तिवरांच्या मुळांच्या कडेकडेने. गावातलं शेंबडं पोरही हे जाणतं. पण हे महाशय पडले बाहियातल्या साल्वादोर शहराचे, तिथे रस्ते सरळ असतात. ते आपले नाकासमोर चालत निघाले होते.

जासिराने तिसऱ्यांची टोपली मुळांवर ठेवली, घागरा खोचला आणि चिखलातून घसरत घसरत त्याच्यापर्यंत गेली. खाडीवर बारीक पाऊस उतरत होता, जूनमध्ये तिथे पडतो तसा, अंगावर पडला तरी कळू नये असा.

"पाय वर उपसायचा नाही," ती त्याचा दंड धरून म्हणाली. "टाच सैल सोडा. आता पुढे सरकवा... हळू. नाचताना नाही का सरकवत?"

"मला नाचता येत नाही."

"बाहियाचा माणूस आणि नाचता येत नाही? मग राहा इथेच."

पण तेवढ्यात पाय सुटला. प्लॉक! त्या माणसाचा चेहरा असा उजळला, जणू त्याला खजिनाच सापडला.

"ऐकलंत? काय आवाज आहे! आणि सगळं आलंय यात!" त्याने पेटीवरचा लाल दिवा दाखवला.

जासिराचं हसू तिथल्या तिथे मावळलं. "सगळं म्हणजे... माझं बोलणंही? मला न विचारता?"

त्याचं काय आहे, जासिराच्या घरात यंत्रवाल्यांबद्दल एक जुनी जखम होती. फार वर्षांपूर्वी असाच कुणी मोठा कॅमेरा घेऊन आला होता. तिची आई आदेलिया चिखलात वाकून तिसऱ्या उकरत होती. त्याने मागून फोटो काढला आणि निघून गेला. तो फोटो मोठा करून पलीकडच्या बंदरात, तिकिटाच्या खिडकीवर लावला गेला. खाली अक्षरं: 'आमच्या खाडीचं सौंदर्य'. नाव नाही, चेहरा नाही, नुसती वाकलेली पाठ. बाजाराला जाताना आई त्या खिडकीपाशी दर वेळी मान फिरवायची. आई गेली. पाठ अजून तिथेच लटकते आहे.

तरुणाने जासिराच्या चेहऱ्याकडे पाहिलं. चिखलाच्या बोटांनीच पेटीवरची कळ दाबली.

"पुसलं."

"सगळं?"

"सगळं. तो 'प्लॉक'सुद्धा."

'प्लॉक' म्हणताना त्याचा आवाज इतका दुःखी झाला, की जासिराला पुन्हा हसू फुटलं. "नाव काय तुमचं?"

"वाल्दीर."

"वाल्दीर, ते मांजर सांभाळा. भिजतंय."

* * *

दुसऱ्या दिवशी बाकीची मंडळी आली, चार बायका, अगदी बरोबर वाटेने. त्यांची म्होरकी नाल्वाताई, डोक्याला पिवळा फेटा, आवाज देवळातल्या घंटेसारखा. ओतिलिया मावशीच्या अंगणात तिने गावातल्या बायकांना गोळा केलं.

"आपण काळ्या बायका," ती म्हणाली, "आपल्यावर आजवर लोकांनी पुष्कळ चित्रपट काढले. आपल्याबरोबर बसून कुणी काढला नाही. हा तुमचा चित्रपट आहे. कॅमेरा तुमच्याही हातात राहील. दर शनिवारी इथेच पडदा बांधून बघायचं. जिच्या आयुष्याचा तुकडा, तिने हात वर केला तर ठेवायचा. हात खाली, तर पुसायचा. का म्हणून विचारणार नाही."

"आणि हा?" ओतिलिया मावशीने वाल्दीरकडे हनुवटी उडवली. "एवढ्या बायकांत हा एकटा कोंबडा कशाला?"

"त्याचे कान चांगले आहेत, मावशी."

"कान चांगले असलेला पुरुष?" मावशीने त्याला खालून वर न्याहाळलं. "साठी उलटली माझी, पहिलाच बघतेय."

पहिल्या शनिवारी पडद्यावर खुद्द मावशीच आली. डेंडेच्या लाल ताडतेलात मासा परतते आहे, मेलेल्या नवऱ्याला शिव्या देते आहे, मध्येच गाते आहे. सगळं अंगण हसून लोटपोट. पण मावशीचा हात खालीच.

"फेटा वाकडा दिसतोय," ती म्हणाली. "पुसा."

आणि नाल्वाताईने खरोखरच पुसलं. त्या दिवसापासून गाव त्या मंडळींचं झालं.

जासिराने कॅमेऱ्याला हात लावला नाही. तिने आवाजाचं काम मागून घेतलं. वाल्दीरने हेडफोन तिच्या कानांवर ठेवले, अगदी अलगद, बोट केसालाही लागू न देता, आणि केसाळ माइक तिवरांच्या मुळांकडे वळवला.

जासिरा श्वास घ्यायची विसरली. जन्म गेला या चिखलात, आणि हे कधी ऐकलंच नव्हतं! चिखल बोलत होता. बारीक बुडबुडे फुटत होते, खेकड्यांचे पाय टिकटिक करत होते, कालवं मिटत होती, पाऊस पानावरून पानावर उतरत होता. सगळी खाडी झोपेत पुटपुटत होती.

"हे... हे रोज असं असतं?"

"रोज," वाल्दीर म्हणाला. पण तो खाडीकडे बघत नव्हता.

"माझ्याकडे काय बघताय?"

"तुम्ही ऐकताना कशा दिसता, ते."

"मग पुसा ते डोळ्यांतलं. मी हात वर केला नाहीये."

"डोळ्यांना कळ नाही हो, जासिरा. त्याला मी काय करू?"

तिने हेडफोन काढून त्याच्या हातात कोंबले आणि टोपली उचलून निघाली. चार पावलांवर मागे वळून म्हणाली, "उद्या लवकर ये. ओहोटी पहाटेची आहे."

'ये' म्हणाली! तिला स्वतःलाच ते घरी पोचल्यावर उमगलं. दुसऱ्या दिवशी तोही 'तू' म्हणाला, अगदी सहज, जणू काही झालंच नाही.

मग एक दिवस ती सगळ्यांना घेऊन बंदरात गेली. आईच्या फोटोखाली उभी राहिली आणि म्हणाली, "ही पाठ आदेलियाची. माझ्या आईची. तिला चेहरा होता." आणि तिथेच अडली. पुढचं काही येईना. कॅमेऱ्यामागच्या मुली घुटमळल्या. वाल्दीर मात्र माइक धरून नुसता उभा राहिला. 'पुन्हा घेऊ' म्हणाला नाही, 'रडू नकोस' म्हणाला नाही. बोट आली, गेली, समुद्रपक्षी ओरडले, आणि तो उभाच. शेवटी जासिराला शब्द सापडले. आईचं हसू, आईच्या शिव्या, आईच्या हातचा, भाजलेल्या पिठाचा फारोफा, सगळं ती बोलत गेली. परत येताना होडीत त्याच्यासमोर बसली होती, आणि तिला कळून चुकलं की आता आपलं काही खरं नाही.

* * *

गामेलेइराच्या बायकांची एक खोड आहे. जे पोलक्यात गेलं, ते विसरलं. किल्ली, तंबाखूची पुडी, सुट्टी नाणी, येमांजा देवीचा ताईत, सगळं तिथे जातं आणि आंघोळीच्या वेळी सापडतं. त्या दिवशी जासिराच्या पोलक्यात माइक होता, शेंगदाण्याएवढा, बिनतारी. तिच्या कामाचे आवाज घ्यायचे होते. वाल्दीर लांब, काठावर, तिवराखाली हेडफोन लावून बसला होता.

तिसऱ्या उकरता उकरता मावशी म्हणाली, "तो लांबडा तुझ्याकडे बघतो गं."

"तो बघत नाही, मावशी. ऐकतो."

"म्हणजे काय?"

जासिराने मनगटाने कपाळ पुसलं. "बघणारे पुष्कळ झाले. हा... मी बोलायची थांबले, तरी याला ऐकू येतं. तो समोर असला की मीच मला ऐकू येते."

"अगं बाई! म्हणजे गेलीस की तू!"

"गेले. पार गळ्यापर्यंत."

"मग सांग त्याला."

"काय सांगू? संत जुआंवच्या सणाच्या शेकोट्या विझल्या की ही मंडळी जाणार. त्याच्यावर माझा जीव आहे, हे त्याला सांगून काय होणार? तो गेला की मुकी होईल बघ माझी खाडी."

बोलता बोलता तिची नजर काठाकडे गेली. वाल्दीरने हेडफोन काढून गळ्यात टाकले होते आणि तो पाठ फिरवून उभा होता. दमला असेल, तिला वाटलं. टोपली भरली, ती उचलायला वाकली, आणि छातीपाशी काहीतरी टोचलं.

माइक!

अंगातलं सगळं रक्त कानांत जमा झालं. ती काठावर आली तेव्हा वाल्दीर मान खाली घालून पेटी आवरत होता. "माइक देता का?" तो म्हणाला. "भिजला असेल तुमचा."

देता. तुमचा. एवढ्यातच जासिरा काय ते समजली. त्याने ऐकलं होतं, आणि त्याला ते नको होतं.

संत जुआंवच्या संध्याकाळी दारोदारी शेकोट्या पेटल्या. कणसं भाजली जात होती, आल्याची दारू फिरत होती, अकॉर्डियनच्या सुरावर जोड्या घोटे घासत नाचत होत्या. वाल्दीर माइक घेऊन आगीचा तडतडाट टिपत बसला. एकदाही उठला नाही. जासिरा ओतिलिया मावशीबरोबर नाचली, मुद्दाम मोठमोठ्याने हसत, त्याच्या अगदी समोर.

"माझ्या पायाचा चेंदा केलास," मावशी म्हणाली. "राग त्याच्यावर, आणि नाचतेस माझ्यावर!"

* * *

शेवटच्या शनिवारी, दिवस मावळता मावळता, सगळा चित्रपट अंगणात लागला. जासिराचं सगळं लक्ष माइकमध्ये गेलेल्या त्या बोलण्याकडे. आता ते येणार, आता येणार, सगळ्या गावासमोर... पण तिचा आला तो बंदरातला तुकडा. पडद्यावर आईचं नाव घुमलं आणि अंगणातल्या म्हाताऱ्यांनी डोळे टिपले. जासिराने हात वर केला. मावशीनेही या खेपेला केला. फेटा सरळ होता. चित्रपट संपला, आणि 'ते' आलंच नाही.

ती तडक विहिरीकडे गेली. वाल्दीर तिथे तारा गुंडाळत होता.

"कुठाय ते?"

त्याने 'काय' म्हणून विचारलं नाही. खिशातून छोटी पेटी काढली. "यात आहे. नाल्वाताईला दिलं नाही. मी पूर्ण ऐकलंही नाही. माझ्याबद्दल चाललंय असं कळलं, तसे हेडफोन काढले."

"कळलं ना? मग इतके दिवस तोंड शिवून का बसला होतास?"

"तू मला कुठे सांगितलंस? तू मावशीला सांगितलंस. चोरून कानावर पडलेल्या गोष्टीला मी उत्तर कसं देऊ, जासिरा? ते तुझं आहे. ठेवायचं की पुसायचं, तू सांग."

आता बघा. एक शब्द पुरे होता. पण माणसाचा मान मोठा चमत्कारिक. सगळ्या गावासमोर त्याने तिची लाज राखली होती, आणि तिला नेमकी त्याचीच लाज वाटली.

"पुसा," ती म्हणाली. "माझा हात वर नाही."

"नक्की?"

"नियम तुमचाच ना?"

वाल्दीरने कळ दाबली. "पुसलं," तो म्हणाला. पहिल्या दिवशी 'प्लॉक'साठी तो हळहळला होता. आज आवाजात काहीच नव्हतं.

घरी येऊन ती मावशीच्या मांडीवर डोकं ठेवून ढसाढसा रडली. मावशी तिच्या वेण्या सोडवत बसली. "तुझी आई मान फिरवायची, कारण त्या माणसाने न विचारता नेलं," ती म्हणाली. "हा बापडा विचारत उभा आहे, आणि तू याच्यासमोरही मान फिरवतेस?"

* * *

सकाळी ओहोटी होती. होडी लांब, खोल पाण्यात उभी. पावसाने खाडी आणि आभाळ एक करून टाकलं होतं. होडी हवेत तरंगते आहे असं वाटत होतं.

नाल्वाताईने जासिराच्या खांद्यावर पेटी अडकवली. "ही आता तुझ्याकडेच राहील. पुढचा चित्रपट तुम्ही करायचा, आम्ही मदतीला येऊ. शेवटचा आवाज तूच घे. आमचं जाणं."

बायका मुळांच्या कडेने ओळीत निघाल्या. सगळ्यांत मागे वाल्दीर. तो तिच्याकडे न बघताच गेला. जासिराने हेडफोन चढवले, कळ दाबली... आणि कानात श्वास ऐकू आला. मग कापडाची सळसळ. मग, अगदी जवळून, जणू खांद्यावर हनुवटी टेकून कुणी बोलावं तसं—

"जासिरा... ऐकू येतंय ना? माइक माझ्या सदऱ्यात आहे. मी विसरलेलो नाही हं, मुद्दाम लावलाय."

ती जागीच थिजली. लांब, पावसात, त्याची पाठ पावलागणिक लहान होत होती. आवाज मात्र तसाच जवळ.

"तुझं वाक्य मी पुसलं. ते तुझं होतं. हे माझं आहे, म्हणून बोलतोय. साल्वादोरला माझ्या खिडकीखाली बसगाड्या उभ्या राहतात, भोंगे वाजतात, त्यात मला गाढ झोप येते. इथे एवढी शांतता, पण तू बोलायची थांबलीस आणि माझी झोप उडाली. मला तू आवडतेस, जासिरा. तू हसतेस तेव्हा, रागावतेस तेव्हा, आणि... ऐकतेस तेव्हा तर फारच. त्या संध्याकाळी नाचायला उठलो नाही, कारण तुला जवळ घेतलं असतं तर तोंडातून निघून गेलं असतं. आणि मला खरंच नाचता येत नाही."

ती हसली, आणि डोळ्यांतलं पाणी गालांवर आलं.

"आता तुमच्या अंगणातलाच नियम. होडीपाशी पोचलो की मी वळेन. हात वर दिसला, तर ठेवलं. नाही दिसला, तर पुसून टाक. पुन्हा कधी विषय काढणार नाही."

पुढे नुसता श्वास. जासिराला ओरडावंसं वाटलं, पण तिचा आवाज तिकडे जाणार कसा?

"काय म्हणतोय गं?" मावशीने तिला ढोसलं. "मेले, बोल की!"

होडीपाशी ती उंच आकृती थांबली. वळली.

जासिराला भीती वाटली, खोटं कशाला बोला? होडी जाईल, शहर त्याला गिळेल, आणि आपण आईसारखी मान फिरवत राहू... पण आईला कुणी कधी विचारलंच नव्हतं. तिला विचारलं होतं.

तिने हात वर केला. तिसऱ्या उकरायच्या सुरीसकट, टाचा उंचावून, बगल ताणून, जेवढा जाईल तेवढा वर.

कानात एक हुंदका आला की हसू, कळलं नाही. मग होडीवर एकच गलका झाला, कारण वाल्दीर निघाला होता. मुळांच्या कडेने नव्हे. सरळ, नाकासमोर, तिच्या दिशेने!

"अरे वेड्या, कडेने!" नाल्वाताईची घंटा वाजली. पण तो कसला ऐकतो? गेला, गेला... आणि गुडघ्यापर्यंत रुतला.

जासिराने हेडफोन काढून मावशीच्या फेट्यावर चढवले, पेटी तिच्या हातात दिली आणि चिखलात उतरली. पाय सरकवत, हळूहळू. इथे घाई केलेली चालत नाही. तो दोन्ही हात पसरून उभा होता, पापण्यांवर पाऊस, चेहऱ्यावर गावभर हसू.

"टाच सैल—" ती म्हणाली.

"माहीत आहे. पण लगेच काढू नकोस. जरा राहू दे."

"आज मला सांगायचंय," ती त्याच्या अगदी समोर येऊन म्हणाली. "तुला. मावशीला नाही." आणि त्याच्या छातीशी तोंड नेऊन तिने पुसलेलं वाक्य पुन्हा सांगितलं. अक्षर न् अक्षर. "माझा जीव आहे तुझ्यावर."

"ऐकलं गं मी!" लांब काठावरून मावशीची आरोळी आली. "सगळं ऐकलं! हे यंत्र झकास आहे!"

होडी हसत हसत निघाली. "भरतीच्या होडीने ये रे!" नाल्वाताई ओरडली. "आणि शनिवारी परत इथेच ये!"

वाल्दीरने तिच्या कपाळावरचा चिखल बोटाने पुसला. "जासिरा, पेटी चालू आहे. सगळं आलंय. ठेवायचं की पुसायचं?"

"पुसून तर बघ!"

ती त्याचा दंड धरून मागे सरकली. त्याने टाच सैल सोडली, आणि पाय मोकळा झाला. प्लॉक!

हा आवाज मात्र कुणी पुसला नाही.